आईची निवृत्ती कधी?

सांजसावली (धागाकर्ती)

गेल्या मे महिन्यात बाबा रिटायर झाले. शाल, श्रीफळ, भाषणं, घरी पेढे, सगळं रीतसर झालं. आई पाहुण्यांच्या कपबशा गोळा करत होती तेव्हा बाबांचे एक सहकारी म्हणाले, "चला, आता वहिनींनाही आराम!"

झालं भलतंच. बाबा नोकरीला होते तेव्हा साडेआठला डबा घेऊन बाहेर पडायचे. अकरापर्यंत आईचं आवरायचं आणि मग पाचपर्यंत घर तिचं. भजनी मंडळ, वाचनालय, दुपारची झोप, मावशीशी फोन. आता अकराला दुसरा चहा लागतो. एक वाजता जेवण, आणि पोळी तव्यावरून थेट पानात. सकाळी सहाला केलेली पोळी डब्यातून दुपारी खाताना इतकी वर्षं काही बिघडलं नाही, आता मात्र गार पोळी घशाखाली उतरत नाही. चारला चहा आणि त्याबरोबर "काहीतरी". शिवाय बाबांचे मित्र येतात. त्यांनाही घरात कंटाळा येत असणार.

आई एकसष्ट वर्षांची आहे. गुडघे दुखतात. परवा तिने शांतपणे जाहीर केलं, "दिवाळीनंतर संध्याकाळचा स्वयंपाक माझ्याकडे नाही." बाबांनी विचारलं, "मग खायचं काय?" आई म्हणाली, "ते ठरवायचं काम पण माझ्याकडे नाही."

भाऊ बंगळूरहून सांगतो स्वयंपाकाला बाई लावा. बाबांना बाहेरच्या हातचं चालत नाही. मी मधल्यामध्ये. तुमच्याकडे आईवडिलांच्या पिढीत हे कसं सुटलं? सुटलं का?

खडूस_काका

एकतर्फी मांडणी. तुमच्या बाबांनी पस्तीसेक वर्षं लोकलचे किंवा बसचे धक्के खाल्ले असतील, घराचे हप्ते फेडले, तुम्हा दोघांची शिक्षणं केली. तेव्हा कामाची वाटणी झाली होती आणि ती दोघांनाही मान्य होती. आता उतारवयात माणसाला घरातच उपऱ्यासारखं वाटायला लागलं तर त्याने जावं कुठे? एक कप चहा मागितला म्हणून धागा?

आईला खरंच त्रास होतोय की लेकीला आईच्या वतीने होतोय, हे आधी तपासा.

तिखटमीठ

काका, वाटणी होती हे मान्य. त्यांच्या वाट्याचं काम मे महिन्यात संपलं. पीएफ, ग्रॅच्युइटी मिळाली, हारतुरे झाले. तिच्या वाट्याचं कधी संपणार, एवढंच धाग्यात विचारलंय. वाटणीतला एक भाग संपल्यावर दुसरा वाढतो, ही कसली वाटणी?

लेकुरवाळी

"ते ठरवायचं काम पण माझ्याकडे नाही." काकूंना साष्टांग नमस्कार.

आकडेमोड

थोडी माहिती, म्हणजे वाद निदान जमिनीवर राहील. केंद्र सरकारच्या २०२४च्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार घरातल्या बिनपगारी कामात बायकांचे दिवसाला २८९ मिनिटं जातात, पुरुषांची ८८. २०१९ साली हेच आकडे २९९ आणि ९७ होते. म्हणजे मधल्या काळात बायकांचं काम दहा मिनिटांनी कमी झालं आणि पुरुषांनीही आपलं नऊ मिनिटांनी कमी करून घेतलं.

यात एक मेख आहे. ही सरासरी फक्त ज्यांनी त्या दिवशी घरकाम केलं त्यांची आहे. २०१९ मध्ये अशा बायका ८१ टक्के होत्या आणि पुरुष २६ टक्के. चारातल्या तीन पुरुषांनी त्या दिवशी काडी इकडची तिकडे केली नव्हती, त्यांचं शून्य यात धरलेलंच नाही. आणि बाजारहाटही घरकामातच मोजतात. तेव्हा त्या ८८ मिनिटांत कोथिंबिरीची जुडी आणायला जाऊन कोपऱ्यावर मारलेल्या गप्पा किती, ते ज्याचं त्याने ठरवावं.

खडूस_काका

मी रोज भाजी आणतो. निवडून आणतो. नोंद घ्यावी.

पोळपाट

घेतली. :-)

सांजसावली, तुमच्या घरचं वाचून आमच्याकडचं आठवलं. सासरे निवृत्त झाले आणि पहिल्या पंधरवड्यात त्यांनी स्वयंपाकघराचं ऑडिट केलं. फ्रिज उघडून "ही अर्धी वाटी आमटी कुणासाठी ठेवलीय?" साबुदाण्याचा डबा, वरईचा डबा, दोन्हीला लेबलं. "पोह्यांचे तीन डबे कशाला?" (जाड, पातळ, भाजके. तीन लागतात.) सासूबाई म्हणायच्या, यांच्या साहेबाने यांना इतकी वर्षं कसं सोसलं असेल. काम करणारं माणूस घरात आलं नव्हतं, तपासणारं आलं होतं.

आणि काम म्हणजे फक्त गॅससमोर उभं राहणं नव्हे. उद्या मटकीची उसळ करायची तर मटकी काल सकाळी भिजलेली आणि रात्री फडक्यात बांधलेली हवी. झोपताना विरजण लावायचं, थंडीत ते डाळीच्या डब्याशेजारी सरकवायचं. चतुर्थी कधी आहे, सासऱ्यांना उपासाचं चालतं पण शेंगदाण्याने पित्त होतं. भांडीवाली उद्या येणार नाही म्हणून आज कढई लावायची नाही. सिलिंडर लावल्याची तारीख कॅलेंडरवर लिहायची. यातलं कुठलंही काम दहा मिनिटांचं नाही आणि कुठलंही संपत नाही. सुट्टीवर, माहेरी, लेकीच्या बाळंतपणाला गेलं तरी फोनवर हे चालूच. सासूबाई मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर डोळ्यावर पट्टी असताना पलंगावरून सांगत होत्या, "हिरव्या झाकणाच्या डब्यात गूळ आहे."

तुमच्या आईने दुसरं वाक्य बोलून मुद्द्याला हात घातलाय. स्वयंपाक कुणीही करेल हो. "काय करू?" हा प्रश्न रोज कुणाच्या डोक्यात उगवतो, ते महत्त्वाचं.

रानवारा

तुमच्या शहरातल्या गोष्टी वाचून मौज वाटते. आमच्याकडं रिटायर कुणीच होत नाही, ना बाप ना माय. पण फरक सांगतो. आमचे आबा सत्तरीला आले तसे पारावर बसायला लागले, शेत पोरांनी बघावं म्हणले. त्यांना कुणी नावं ठेवली नाहीत, वय झालं म्हणले. माय त्यांच्याहून दोन-तीन वर्षांनीच लहान, ती अजून खुरपायला जाते. घरी आल्यावर चूल, पाणी, शेरडं. तिचं वय कुणी मोजतच नाही.

आणि एवढं करून सातबाऱ्यावर नाव कुणाचं? आबांचं. आबा म्हणजे माझे वडील, शेतकरी संघटनेचा बिल्ला लावून फिरणारे. १९८६ला चांदवडला बायकांचं मोठं अधिवेशन झालं, लाखांनी बाया आल्या होत्या, घरातनं चुलती गेलती. त्यानंतर शरद जोशींनी लक्ष्मीमुक्ती काढली, की शेतकऱ्यानं आपणहून थोडी जमीन बायकोच्या नावावर करून द्यायची. कायद्याचा धाक नाही, उपकार म्हणून नाही, तिचं देणं म्हणून द्यायची. लई गावांनी केलं. आमच्या घरात त्यावर भाषणं लई झाली, जमीन काही झाली नाही. आबा म्हणायचे, "तिला कुठं हाकलून देणारे का मी?"

प्रश्न हाकलायचा नव्हताच. ज्या बाईच्या नावावर एकरभर रान असतं, तिनं "आज जमत नाही" म्हणलं की घर ऐकतं. जिच्या नावावर काय नाही तिचं दुखणं पण खोटं वाटतं लोकांना.

तिखटमीठ

रानवारा, शेवटचं वाक्य काळजात गेलं.

गिरणगावकर

थोडं वेगळं. माझी आजी लालबागला खानावळ चालवायची. खानावळ म्हणजे पाटीबिटी काही नाही, चाळीतली दहा बाय बाराची खोली. गिरणीत जाणारे गाववाले दोन वेळ जेवायला यायचे, पाळीप्रमाणे. पहाटे चारला स्टोव्ह पेटायचा. अशा हजारो बायका होत्या गिरणगावात. १९७५ साली प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ काढून त्यांना बँकेचं कर्ज मिळवून दिलं, तोवर त्या वाण्याच्या आणि सावकाराच्या उधारीवर जगायच्या.

आजीची एक वही आमच्याकडे आहे. लाल कापडी पुठ्ठा, हळदीची बोटं. तिला लिहिता येत नव्हतं, माझा काका लिहायचा. कोण किती दिवस जेवला, कोण गावी गेला म्हणून किती खाडे, किती बाकी. पै पैचा हिशेब. त्याच तव्यावर, त्याच पिठाच्या भाकऱ्या आजोबा आणि पाच पोरं खायची. त्यांची वहीत कुठेही नोंद नाही. नसणारच, घरच्यांचा हिशेब कोण ठेवतं? पण लहानपणापासून मला ते विचित्र वाटतं. बाहेरच्याने खाल्ली की भाकरी धंदा, घरच्याने खाल्ली की माया. करणारी तीच, वेळ तीच.

आणि माया तर गाववाल्यांवरही होती. संप झाला तेव्हा १९८२ला कित्येकांची बाकी आजीने तशीच सोडली. वहीत नुसत्या आडव्या रेघा आहेत.

पोळपाट

या वहीचे फोटो टाका ना कधी.

काळाकोट

न्यायालयात हा हिशेब होतो, पण कधी, ते ऐका. बाई गेल्यावर. मोटार अपघाताच्या दाव्यात गृहिणीच्या कामाची किंमत धरून भरपाई ठरते. जानेवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीच्या एका जोडप्याच्या प्रकरणात, दोघंही मोटारसायकलवर जाताना अपघातात गेले होते, गृहिणीचं काल्पनिक उत्पन्न का धरायचं यावर बरंच लिहिलं. न्या. रमणा यांनी वर आकडेमोड यांनी दिलेले २०१९चेच आकडे निकालात घेतलेत. त्याआधी २०१०च्या एका निकालात याच न्यायालयाने जनगणनेवर ताशेरे मारले होते, कारण २००१च्या जनगणनेत घरकाम करणाऱ्या बायकांना भिकारी, वेश्या आणि कैद्यांच्या रांगेत, "काम न करणारे" म्हणून घातलं होतं.

जिवंतपणी काय? मद्रास उच्च न्यायालयाचा २०२३चा एक निकाल आहे. नवरा सौदीला नोकरीला, त्याने पाठवलेल्या पैशातून इथे मालमत्ता झाली. तो म्हणाला पैसे माझे. न्यायालय म्हणालं, तिने घर आणि मुलं सांभाळली म्हणून तू तिकडे कमवू शकलास, तिचा निम्मा वाटा. उत्तम निकाल, पण तो एका न्यायमूर्तींचा, दुसऱ्या राज्यातला. आपल्याकडे हिंदू विवाहात नवऱ्याने संसारात कमावलेल्या मालमत्तेत बायकोचा आपोआप हिस्सा असतो असा कायदा नाही. पोटगी मिळते. पोटगी गरजेवर ठरते, केलेल्या कामावर नाही.

मांडवीकाठ

आमच्या गोव्यात आहे की तो कायदा! १८६७चा पोर्तुगीज नागरी कायदा अजून चालतो. लग्नाआधी वेगळा करार केला नाही तर लग्नाबरोबर दोघांची सगळी मालमत्ता एकत्र होते आणि निम्मी निम्मी. नवऱ्याला घर विकायचं झालं तर बायकोची सही लागतेच. माझ्या काकाला एकदा भाटातला, म्हणजे माडांच्या बागेतला, तुकडा विकायचा होता, काकी सही करीना. तिचं म्हणणं, त्या माडांवर मी पोरं वाढवली. विकला नाही.

पण हेही सांगते की निम्म्या घराची मालकीण असलेली काकी सकाळी नुस्तें (मासे) आलं की दारात विळी घेऊन बसायची ती बसायचीच. काका हुमणात (माशाच्या कालवणात) मीठ कमी म्हणायचा तो म्हणायचाच. कायद्याने सही मिळते, विळी सुटत नाही. तरी सही असलेली बरी, हां.

नाक्यावरचा

सरकार देतंय की दीड हजार लाडक्या बहिणींना. आणखी काय पगार पाहिजे?

आकडेमोड

ती योजना जुलै २०२४ पासून, २१ ते ६५ वयाच्या आणि कुटुंबाचं उत्पन्न वर्षाला अडीच लाखांच्या आत असलेल्या बायकांसाठी आहे. कामाचा मोबदला म्हणून ती कुठेही मांडलेली नाही. तरी माझ्या ओळखीत एकीने त्यातून पहिल्यांदा स्वतःच्या नावाने खातं उघडलं, हेही खरं. त्यावर राजकारण करायचं तर दुसरा धागा काढा.

खडूस_काका

आता माझं नीट ऐकून घ्या, मग हाणा.

मी निवृत्त आहे, ते ओळखलंच असेल. मला स्वयंपाक येतो. हॉस्टेलवर शिकलो, मटण बरं करतो. पण घरात मला ओट्याजवळ उभं राहू देत नाहीत. कांदा चिरला तर "एवढा जाड?" ओटा पुसला तर माझ्यामागे पुन्हा पुसला जातो. दुधाचं पातेलं चुकीच्या जाळीखाली ठेवलं म्हणून आमच्याकडे अबोला झालेला आहे. बायकांना काम नको असतं, हुकूमत मात्र हवी असते. दोन्ही कसं मिळणार? धागाकर्तीच्या बाबांनी उद्या खरंच पदर खोचला, तर आई त्यांना सुखाने करू देतील याची खात्री आहे का कुणाला?

तिखटमीठ

पदर ते कुठून खोचणार! पण काका, या वेळी तुमचं म्हणणं उडवून लावता येत नाही.

पोळपाट

नाहीच येत. आमच्याकडेही हेच होतं. पण सासूबाईंच्या बाजूने बघा. अठराव्या वर्षी त्या या घरात आल्या. पैशाचे निर्णय सासऱ्यांचे, मुलांच्या शाळा सासऱ्यांनी ठरवल्या, फ्लॅट कुठे घ्यायचा ते दिरांनी. त्यांचा शब्द चालायचा अशी जागा एकच, ती ओट्याची. पंचेचाळीस वर्षांनी तुम्ही येऊन म्हणता की आता हीसुद्धा निम्मी मला द्या. बदल्यात काय देताय? बँकेचं पासबुक कुठल्या कपाटात असतं तेही त्यांना माहीत नव्हतं. त्यांना मुदतठेवीचे कागद समजावून द्यायला लागलो, सह्या त्यांच्या व्हायला लागल्या, तेव्हापासून ओटा कुणी कसा पुसला यावरचं लक्ष कमी झालं. एकदम गेलं नाही. जाळीचं अजून आहे.

ताम्हण

सगळे म्हणताहेत बाई लावा, डबा लावा. म्हणजे एका काकूंची निवृत्ती दुसऱ्या काकूंच्या कंबरेवर. माझी आई कोथरूडच्या चार घरी पोळ्या करायची म्हणून मी शिकले, त्यामुळे लावू नका असं मी म्हणणार नाही. नीट लावा एवढंच. तीही पन्नाशीची असते, तिचेही गुडघे असतात. महिन्याच्या ठरलेल्या सुट्ट्या, आजारपणाचा पगार, दिवाळीला पूर्ण महिना. पुण्यात मोलकरणींनी १९८०ला संप केला तेव्हा कुठे हे मागता येतं हे कळलं लोकांना. २००८ साली राज्यात घरेलू कामगार मंडळाचा कायदा झाला. आईची नोंदणी मी करून दिली. तिच्या मालकिणींपैकी तो कायदा माहीत असलेली एकही नव्हती, चौघींपैकी दोघी शिकवायच्या कॉलेजात.

आणि आईला घरी येऊन आमचा स्वयंपाक होताच. पाचवं घर.

राईनकाठ

जर्मनीतून. इथे घर सांभाळणाऱ्याच्या पेन्शनमध्ये मुलामागे तीन वर्षं जमा होतात, १९९२पासूनच्या मुलांसाठी. घटस्फोट झाला तर लग्नाच्या काळात दोघांनी मिळवलेले पेन्शनचे हक्क वाटून दिले जातात. ऐकायला छान. पण कर आकारणी अशी आहे की एकाने भरपूर आणि दुसऱ्याने थोडं कमावलं तर जोडप्याला फायदा, मग ते "थोडं" बहुधा बायकोच कमावते. आमच्या मराठी मंडळात इंजिनियर बायका अर्धवेळ काम आणि पूर्णवेळ गणपतीचे मोदक करतात. पोळीवाली इथे मिळत नाही, हे मात्र नवऱ्यांच्या पथ्यावर पडलेलं नाही. माझा नवरा पोळ्या शिकला. नकाशे आहेत, पण चवीला ठीक.

सांजसावली

सगळ्यांचे आभार. दोन रात्री बसून वाचलं. आईलाही काही प्रतिसाद वाचून दाखवले. खानावळीच्या वहीपाशी ती बराच वेळ गप्प होती, आणि खडूस_काकांचं ऐकून म्हणाली, "बरोबर बोलतोय तो माणूस, मला यांचं चिरणं बघवत नाही."

तूर्त असं ठरलंय की संध्याकाळचा डबा मागच्या गल्लीतल्या एक ताई देतील. आणायचा बाबांनी, डबा घासून परत द्यायचाही बाबांनी. त्यांना भाजीत तेल जास्त वाटतं. आईला वाटत नाही, ती दोन घास जास्त जेवते. डबेवाल्या ताईंना रविवारी सुट्टी, तेव्हा रविवारचा प्रश्न लटकलेलाच आहे.

पण रानवारा आणि पोळपाट यांचं वाचून मी भलतंच विचारायला आले. आमचा फ्लॅट एकट्या बाबांच्या नावावर आहे. आई नॉमिनी आहे. पुरेसं आहे ना?

काळाकोट

नाही. नॉमिनी म्हणजे मालक नव्हे, सोसायटीने व्यवहार कुणाशी करायचा एवढ्यापुरती ती सोय. बाबांच्या पश्चात मृत्युपत्र नसेल तर आई, तुम्ही आणि भाऊ असे तिघं सारखे वारस. आज तुमच्यात गोडवा आहे, असू दे. पण आईचं घर मुलांच्या गोडव्यावर कशाला टांगायचं?

दोन रस्ते. एक, बाबांनी मृत्युपत्र करावं. दुसरा, हयातीतच निम्मा हिस्सा बक्षीसपत्राने आईला द्यावा. महाराष्ट्रात राहतं घर नवऱ्याने बायकोला बक्षीस दिलं तर मुद्रांक शुल्क २०० रुपये, पण तुमच्या हद्दीत वरती स्थानिक अधिभार लागतो का ते दुय्यम निबंधकाकडे विचारून घ्या. दस्त नोंदवावाच लागतो, घरच्या कागदावर लिहून चालत नाही. नंतर सोसायटीत शेअर सर्टिफिकेटवर नाव चढवून घ्या, तिथेच लोक आळस करतात. मूळ खरेदीखत, इंडेक्स टू, दोघांचे पॅन-आधार, दोन साक्षीदार. आणि बाबांना हे "आईच्या बाजूने तुमच्या विरुद्ध" असं सांगू नका. ते आधीच तेलकट भाजी खाताहेत.

रानवारा

दोनशे रुपये? आबांना आजच सांगतो. शेतीला पण आहे का हे?

काळाकोट

शेतजमिनीलाही आहे. तलाठ्याकडे फेरफार मात्र पाठपुरावा करून घ्या.

खडूस_काका

आमच्या सोसायटीच्या कागदावर हिचं नाव पहिलं आहे, माझं दुसरं. तरी पातेल्याच्या जाळीचं सांगितलं तेच. असो. सांजसावली, पुण्यात असाल तर साक्षीदार म्हणून मी येतो. जेवायला घालणार असाल तरच.

तिखटमीठ

रविवारी बोलवू नका त्यांना.